देअत्नु नदी आणि तिचे सॅल्मन: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मी फिनलंडमध्ये राहतो आणि उन्हाळ्यात जमेल तेव्हा उत्तरेला या नदीवर जातो. तिथून परतलो की घरचे आणि मित्र प्रश्न विचारतात, आणि दरवर्षी ते साधारण तेच असतात. तीच उत्तरं इथे एकत्र लिहिली आहेत. काही प्रश्नांना दोन ओळी पुरल्या, काहींना पुरल्या नाहीत.

ही नदी नेमकी कुठे आहे?

युरोपच्या अगदी उत्तरेला, साधारण ७० अक्षांशावर, नॉर्वे आणि फिनलंड यांच्या सीमेवर. अनारयोह्का आणि काराशयोह्का या दोन नद्या कारिगासनिएमी गावाजवळ एकत्र येतात आणि तिथून पुढे तिला मुख्य नदीचं नाव मिळतं. अनारयोह्काही सीमेवरूनच वाहते. काराशयोह्का मात्र नॉर्वेतली. संगमापासून उत्स्योकी आणि नुओर्गाम या फिनिश गावांवरून नदी ईशान्येला जाते, मग सीमा तिची साथ सोडते आणि शेवटचा टप्पा ती पूर्णपणे नॉर्वेतून वाहून तानाफ्योर्डमध्ये, म्हणजे बॅरेंट्स समुद्राला मिळते. उगमाकडचा भाग धरून लांबी साधारण ३६० किलोमीटर, पाणलोट क्षेत्र सुमारे १६,४०० चौरस किलोमीटर. त्यातला दोन तृतीयांशाहून जास्त भाग नॉर्वेत येतो.

आजूबाजूला उंच डोंगर नाहीत. गोलसर माथ्याचे उघडे डोंगर, उतारांवर माणसाच्या उंचीपेक्षा थोडी उंच वाढणारी वेडीवाकडी भूर्जाची झाडं आणि मधून रुंद, उथळ, स्वच्छ पाणी. नदीवरचा बर्फ मे महिन्याच्या मध्यावर किंवा शेवटी फुटतो. त्याच सुमाराला सूर्य मावळायचा थांबतो, तो थेट जुलैच्या शेवटापर्यंत.

एकाच नदीला तीन नावं का?

तीन भाषा, म्हणून तीन नावं. उत्तर सामी भाषेत देअत्नु, फिनिशमध्ये तेनो, नॉर्वेजियनमध्ये ताना. देअत्नु म्हणजे मोठी नदी. मी हेच नाव वापरतो, कारण दोन्ही काठांवर पूर्वापार राहणारे लोक सामी आहेत आणि बाकीची दोन्ही नावं त्यांच्याच नावावरून आली आहेत. उत्स्योकी ही फिनलंडमधली सामी बहुसंख्या असलेली एकमेव नगरपालिका आहे. पलीकडे नॉर्वेत काराशयोक गावात नॉर्वेच्या सामी संसदेचं सभागृह आहे.

सीमा नदीतून कशी जाते? ती कोणी ठरवली?

१७५१ साली स्ट्रोमस्टाडच्या तहात ठरली. तेव्हा नॉर्वे डेन्मार्कच्या राजाखाली होता आणि फिनलंड स्वीडनचा भाग होता, म्हणजे ही रेघ कोपनहेगन आणि स्टॉकहोम यांच्यात ओढली गेली. नदीत ती सर्वांत खोल प्रवाहाच्या मागे जाते.

त्या तहाला एक पुरवणी जोडलेली होती आणि माझ्या मते मूळ तहापेक्षा तीच जास्त वाचण्यासारखी आहे. सीमेच्या दोन्ही बाजूंना रेनडिअर घेऊन ये-जा करण्याचा सामी लोकांचा जुना हक्क त्यात मान्य केला होता. पुढे १८०९ मध्ये फिनलंड रशियाच्या झारकडे गेला आणि १८५२ मध्ये रेनडिअरसाठी सीमा बंद झाली. कळपांची वाट तुटली. नदी मात्र बंद करता येत नव्हती, कारण मासा खोल प्रवाहाच्या कुठल्या बाजूने वर येईल हे तो मासाच ठरवतो. म्हणून १८७३ पासून या नदीतल्या मासेमारीसाठी दोन्ही राज्यांना एकत्र बसून नियम करावे लागत आहेत.

काठावर राहणाऱ्यांसाठी सीमा म्हणजे मुख्यतः घड्याळ. फिनलंड नॉर्वेच्या एक तास पुढे आहे. उत्स्योकीचा पूल १९९३ मध्ये पूर्ण झाला, तो चालत ओलांडला की दुपारचे बारा पुन्हा अकरा होतात. दोन्ही काठांवर नातेवाईक असलेल्या घरांत जेवायला बोलावताना "तुमच्या वेळेने की आमच्या?" हे विचारावंच लागतं.

सॅल्मन म्हणजे आपला रावसच ना?

नाही. मुंबईच्या बाजारात आणि हॉटेलांच्या मेनूवर रावसाला "इंडियन सॅल्मन" म्हणतात, त्यामुळे हा घोळ झाला आहे. रावस उष्ण समुद्रातला, खाडीच्या तोंडाशी येणारा, वेगळ्याच कुळातला मासा. त्याच्या छातीच्या परांखाली धाग्यांसारखे तंतू असतात, तसे सॅल्मनला नसतात. शिजल्यावर रावसाचं मांस पांढरं, सॅल्मनचं नारिंगी. चवीला दोन्ही उत्तम, पण नातं काही नाही.

जीवनक्रमाच्या दृष्टीने जवळचं उदाहरण हवं असेल तर पाला घ्या, ज्याला बंगालमध्ये इलिश म्हणतात. तोही समुद्रात वाढतो आणि अंडी घालायला नदीत चढतो.

मग सॅल्मन समुद्रातला मासा की नदीतला?

दोन्हीकडचा. देअत्नुतला सॅल्मन हा अटलांटिक सॅल्मन. मादी शरद ऋतूत, पाणी गोठण्याआधी, शेपटीने गोट्यांत खड्डा करते, त्यात अंडी घालते आणि वरून पुन्हा गोटे सारते. पिल्लं वसंतात बाहेर पडतात आणि नदीतच वाढू लागतात. इथलं पाणी इतकं थंड, उन्हाळा इतका आखूड, की समुद्रात जाण्याइतकं व्हायला त्यांना साधारण तीन ते सहा वर्षं लागतात. दक्षिणेकडच्या नद्यांत हेच काम एक-दोन वर्षांत होतं.

मग एका जून-जुलैत अंगावरचे ठिपके जाऊन ती चंदेरी होतात, खाऱ्या पाण्यासाठी शरीर आतून बदलतं आणि ती समुद्राकडे निघतात. बॅरेंट्स समुद्रात आणि त्याही पलीकडे एक ते चार-पाच वर्षं खाऊन मोठी होतात आणि मग जिथे जन्मली त्याच नदीत परत येतात. जवळ आल्यावर वासावरून वाट ओळखतात. परतीच्या प्रवासात सॅल्मन जवळजवळ काही खात नाही. समुद्रात साठवलेल्या चरबीवर आठवडेच्या आठवडे प्रवाहाविरुद्ध पोहतो. अंडी घातल्यावर बरेच मरतात, पण सगळे नाही. काही नदीत बर्फाखाली हिवाळा काढून पुन्हा समुद्रात जातात आणि दुसऱ्यांदा येतात.

"देअत्नुत तीस सॅल्मन आहेत" असं तुम्ही म्हणता, त्याचा अर्थ काय?

या पानावरची एकच गोष्ट लक्षात ठेवायची असेल तर ही ठेवा.

सॅल्मन "आपल्या नदीत" परततो असं आपण म्हणतो, पण तो खरं तर आपल्या उपनदीत परततो. देअत्नुच्या जाळ्यात सॅल्मन पोहोचू शकतो असा हजार किलोमीटरहून जास्त प्रवाह आहे आणि त्यात सॅल्मनचं घर असलेल्या कितीतरी उपनद्या आहेत. ओह्त्सेयोह्कात जन्मलेला तिथेच परततो, वेअह्चायोह्कातला वेअह्चायोह्कात. पिढ्यान्पिढ्या असं झाल्यामुळे प्रत्येक उपनदीचे सॅल्मन आनुवंशिकदृष्ट्या वेगळे झाले आहेत. असे तीसेक वेगळे समूह शास्त्रज्ञांनी ओळखले आहेत. काही उपनद्यांतले मासे छोटे, एकच हिवाळा समुद्रात काढून येणारे. काहींतले तीन-चार हिवाळे काढून येणारे धिप्पाड. नदीत किती वर्षं, समुद्रात किती वर्षं, पहिल्यांदा आलेला की दुसऱ्यांदा, हे सगळे मेळ मोजले तर शंभराहून जास्त प्रकारची आयुष्यं या एका नदीत सापडतात.

सामी भाषेत हे फरक आधीपासून आहेत. सॅल्मनला सर्वसाधारण शब्द लुओस्सा. एक हिवाळा समुद्रात काढून आलेला दोन-अडीच किलोचा तो दिद्दी. मोठी मादी दुओव्वी. खालचा जबडा आकड्यासारखा वळलेला मोठा नर गोअद्यिन. मुंबईच्या कोळीणीला सुरमई आणि तोवर सारखेच वाटत नाहीत, तसंच हे. रोज हाताळणाऱ्याला एकच शब्द पुरत नाही.

आता अडचण अशी की हे सगळे समूह मुख्य नदीतूनच वर जातात. जून ते ऑगस्टमध्ये मुख्य प्रवाहात लावलेल्या जाळ्यात भरपूर संख्येने असलेल्या उपनदीचा मासा येतो आणि शेवटचे थोडे उरलेल्या उपनदीचाही. जाळ्याला ते कळत नाही. टोपलीत पडलेल्या माशाकडे पाहून माणसालाही बहुतेक वेळा कळत नाही. या नदीवरचे सगळे वाद इथून सुरू होतात.

माशाचं वय आणि इतिहास कसा कळतो?

खवल्यावरून. हे मी एकदा जवळून पाहिलं. कोळी मासा काठावर आडवा ठेवतो, पाठीवरच्या पराच्या थोडं मागे, अंगावरच्या मधल्या रेषेच्या वर चाकूची पाठ फिरवतो आणि निघालेले पाच-सहा खवले कागदाच्या छोट्या पाकिटात टाकतो. पाकिटावर तारीख, जागा, लांबी, वजन, नर की मादी, जाळं की गळ हे पेन्सिलीने लिहितो. पेन्सिलीनेच, कारण हात ओले असतात.

पुढे प्रयोगशाळेत तो खवला भिंगाखाली जातो. झाडाच्या खोडात असतात तशी वलयं त्यात दिसतात. मधोमध नदीतली वर्षं, अगदी चिकटून बसलेली बारीक वलयं. मग एकदम अंतर वाढतं, तिथे मासा समुद्रात गेला. प्रत्येक हिवाळ्याला वलयं पुन्हा दाट होतात, म्हणजे समुद्रातले हिवाळे मोजता येतात. आधी एकदा अंडी घालून गेलेला मासा असेल तर खवल्याची कड झिजून पुन्हा वाढल्याची खूण असते. चार किलोच्या मादीचं नऊ-दहा वर्षांचं आयुष्य नखाएवढ्या चकतीवर वाचता येतं.

फिनलंडचे संशोधक १९७० च्या दशकाच्या सुरुवातीपासून असे खवले गोळा करत आले आहेत आणि आज हा संग्रह लाखाच्या वर आहे. जगात इतका लांब पल्ल्याचा सॅल्मनचा संग्रह क्वचित कुठे असेल. तो उभा राहिला तो काठावरच्या कोळ्यांनी वर्षानुवर्षं पाकिटं भरून दिली म्हणून. पुढे ज्या आकड्यांवरून त्यांची मासेमारी थांबवली गेली, त्यांतले बरेच आकडे त्यांच्याच हातून आले होते. त्यांचं दुखणं समजून घेताना हे विसरू नये असं मला वाटतं.

लोक मासे धरतात कसे?

तीन-चार जुन्या रीती आहेत. बर्फ फुटल्यानंतर पाणी चढलेलं असतं तेव्हा गोल्गादत, म्हणजे प्रवाहाबरोबर सोडलेलं वाहतं जाळं: एक टोक होडीत, दुसरं तरंगत्या फळीला, आणि दोन्ही एकत्र खाली वाहत जातात. सुरुवातीला मोठ्या मादी वर येतात, त्यामुळे या जाळ्यात मोठा मासा लागतो. पाणी उतरलं की बुओध्धु: काठापासून प्रवाहात खांबांच्या तिकाट्या ठोकून कूड घालायचा आणि कुडाच्या टोकाला जाळं लावायचं. मासा कुडाला अडतो, कडेकडेने आत वळतो आणि जाळ्यात शिरतो. बुओध्धु कुठे घालायचा हे नदीचा तळ ओळखणाऱ्यालाच समजतं. वाळू दरवर्षी सरकते, म्हणून जागाही दरवर्षी थोडी बदलते.

आणि होडीतून गळ. देअत्नुची होडी लांब, अरुंद, उथळ तळाची असते, म्हणजे फूटभर पाण्यातूनही जाते. २०१९ च्या जुलैत मी एका सामी आजोबांच्या होडीत बसलो होतो. ते प्रवाहाकडे तोंड करून वल्हवत होते, पण होडी पुढे नेण्यासाठी नव्हे. पाणी खाली ढकलत होतं आणि ते तेवढंच वर ओढत होते. होडी या काठावरून त्या काठाकडे तिरकी सरकायची, मग परत, आणि प्रत्येक फेरीला हातभर खाली यायची. मागे सोडलेल्या गरी अशा रीतीने नदीचा कानाकोपरा झाडून काढत होत्या. चार तासांत आजोबा दहा वाक्यं बोलले असतील. मधल्या फेरीत आम्ही सीमा किती वेळा ओलांडली ते मी मोजायचं सोडून दिलं. मासा लागला नाही. "दगड बघितलेस ना," एवढंच ते उतरताना म्हणाले.

मासेमारीचा हक्क कोणाचा?

जाळ्याचा हक्क काठावरच्या स्थानिकांचा. नॉर्वेच्या बाजूला १८८८ च्या कायद्याने तो खोऱ्यातल्या शेतीशी जोडला गेला, म्हणजे जनावरांसाठी गवत कापणाऱ्या घराला जाळ्याचा हक्क. मागे कारण होतं: इथल्या घरांचा संसार दोन-चार गाई, मेंढ्या, थोडं गवत आणि सॅल्मन यांच्यावर मिळून चालायचा. फिनलंडच्या बाजूला हक्क जमिनीच्या मालकीशी जोडलेला आहे. बाहेरून येणाऱ्यांना गळाने मासेमारीसाठी परवाना विकत घ्यावा लागायचा आणि पर्यटनाचा मोठा भाग त्यावर उभा होता. फिनलंडच्या दक्षिणेतून लोक वर्षभर पैसे साठवून आठवडाभर इथे यायचे.

गुंता असा की पुढे बाहेर राहायला गेलेल्या वारसांकडे जमीन राहिली आणि काठावर राहणाऱ्या काही सामी घरांकडे नाही. कोकणातलं घर आणि मुंबईतला मालक, ही गोष्ट मराठी वाचकाला समजावून सांगायला नको.

जगातला सर्वांत मोठा सॅल्मन इथलाच का?

गळाला लागलेला सर्वांत मोठा अटलांटिक सॅल्मन, हो. १९२८ मध्ये हेन्रिक हेन्रिक्सन यांनी या नदीत साधारण ३६ किलोचा मासा धरला. तो विक्रम अजून मोडलेला नाही.

मग मासे कमी का झाले?

एक कारण सांगणाऱ्यावर विश्वास ठेवू नका.

नदीतली मासेमारी हे एक कारण आहेच. चांगल्या वर्षांत इथे २०० टनांच्या वर सॅल्मन निघाला आहे. मिश्र मासेमारीत, म्हणजे सगळ्या उपनद्यांचे मासे एकाच जाळ्यात येतात तेव्हा, दुबळ्या उपनद्या आधी रिकाम्या होतात. काराशयोह्का, अनारयोह्का आणि त्यांच्याही वरच्या भागातले समूह सर्वांत वाईट अवस्थेत गेले. त्यांना सगळ्यात लांब जायचं असतं, म्हणजे वाटेतली सगळी जाळी त्यांनाच ओलांडावी लागतात. नॉर्वेच्या किनाऱ्यावरही समुद्रात सॅल्मनची जाळी लागत होती.

दुसरं कारण समुद्रात आहे. बाहेर गेलेल्या पिल्लांपैकी परत येणाऱ्यांचं प्रमाण घटलं आहे, आणि ते फक्त इथलं नाही. २०२४ च्या जूनमध्ये, हंगाम चालू असतानाच, नॉर्वेने ३३ नद्यांतली सॅल्मन मासेमारी एकदम थांबवली. बॅरेंट्स समुद्रात कॅपेलिन नावाचा छोटा, तेलकट मासा सॅल्मनचं महत्त्वाचं खाद्य आहे. देअत्नुच्याच खवल्यांवरून २०२२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात दिसलं की कॅपेलिनची मोठी मासेमारी आणि सॅल्मन लवकर, लहान असतानाच वयात येणं यांचा संबंध आहे. लवकर की उशिरा वयात यायचं हे ठरवण्यात एका जनुकाचा वाटा जवळजवळ ४० टक्के आहे, हे २०१५ मध्ये कळलं होतं. म्हणजे मोठे मासे संख्येने तर घटत आहेतच, पण मोठं होण्याचा गुणही हळूहळू विरळ होतो आहे. मला स्वतःला या सगळ्यात हेच सर्वांत काळजीचं वाटतं. संख्या काही वर्षांत भरून येऊ शकते, गुण परत यायला फार पिढ्या लागतात.

२०१७ च्या कराराने सामी लोक का संतापले?

नॉर्वे आणि फिनलंड यांचा नवा करार २०१६ मध्ये झाला आणि २०१७ च्या हंगामापासून लागू झाला. मासेमारी सुमारे ३० टक्क्यांनी कमी करायची, जाळ्यांचे दिवस आणि परवाने कापायचे, म्हणजे पुरेशा मादी आपापल्या उपनदीत पोहोचतील. या नदीचा हिशेब आता गाभोळीत मांडतात: कोणत्या उपनदीत किती अंडी पडायला हवीत आणि किती पडली. माशांच्या बाजूने पाहिलं तर हा विचार बरोबर होता.

माणसांच्या बाजूने तो चुकला. सामी संसदांचं म्हणणं होतं की आम्हाला खऱ्या अर्थाने विचारलंच नाही. वाहत्या जाळ्यांसारख्या जुन्या रीतींवर मोठी कात्री चालली. नॉर्वेने १९९० मध्ये आदिवासी हक्कांचा आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेचा १६९ क्रमांकाचा करार स्वीकारला आहे; फिनलंडने आजवर स्वीकारलेला नाही. एकाच नदीच्या दोन काठांवर एकाच घराण्याचे हक्क त्यामुळे वेगळे होतात. २०१७ च्या उन्हाळ्यात "एल्लोस देअत्नु", म्हणजे देअत्नु चिरायू होवो, या नावाने जमलेल्या लोकांनी नदीतल्या चेअर्रेतसुओलु बेटावर तळ ठोकला आणि तिथे नवे नियम लागू नाहीत असं जाहीर केलं.

प्रकरण कोर्टातही गेलं. ओह्त्सेयोह्का आणि वेअह्चायोह्का या उपनद्यांत नियम मोडून मासेमारी केल्याबद्दल सामी लोकांवर खटले झाले. एप्रिल २०२२ मध्ये फिनलंडच्या सर्वोच्च न्यायालयाने त्यांच्या बाजूने निकाल दिला. संविधानाने दिलेला आपली संस्कृती जपण्याचा हक्क या निर्बंधांनी मोडला गेला, असं न्यायालय म्हणालं. मला यात विसंगती दिसत नाही. एका उपनदीचा सॅल्मन संकटात आहे म्हणून दुसऱ्या उपनदीवरच्या माणसाला तेच कुलूप लावलं, तर आधी कारण दाखवावं लागेल. आणि तीस सॅल्मन आहेत हे मान्य केलं की कारणंही तीस लागतात.

आता तर पूर्ण बंदी आहे ना?

हो. करार, खटले, उपनदीनिहाय हिशेब हे सगळं चालू असतानाच संख्या आणखी कोसळली आणि २०२१ मध्ये दोन्ही देशांनी संपूर्ण खोऱ्यात सॅल्मनची मासेमारी बंद केली. ती बंदी त्यानंतरच्या हंगामांतही कायम राहिली.

आपल्याकडेही पावसाळ्यात दोन महिने समुद्र बंद असतो, होड्या शाकारल्या जातात, पण नारळी पौर्णिमा येणार हे माहीत असतं. इथे तारीख नाही. कोर्टात हक्क जिंकलेल्या माणसाच्या जाळ्यातही मासा नाही. जून महिना आला की काय करायचं हे साठ वर्षांच्या माणसाला समजेनासं होतं. फ्रीजर रिकामा राहतो, त्याहून मोठी गोष्ट म्हणजे बुओध्धु घालायला नातवाला सोबत नेता येत नाही. तळाची वाळू, पाण्याची पातळी, दिद्दी यायची वेळ, हे सगळं हाताने शिकायचं असतं. जो मुलगा २०२१ मध्ये आठ वर्षांचा होता, तो या सगळ्याविना मोठा झाला आहे.

गुलाबी सॅल्मन काय प्रकार आहे?

हा पॅसिफिक महासागरातला मासा. सोव्हिएत काळात, १९५६ पासून, त्याची अंडी आणून कोला द्वीपकल्प आणि श्वेत समुद्राकडच्या नद्यांत सोडली गेली. तो काटेकोर दोन वर्षांचं आयुष्य जगतो, म्हणून विषम सालीच मोठ्या संख्येने येतो. २०१७ ला नॉर्वेच्या नद्यांत त्याची अचानक लाट आली आणि पुढच्या विषम सालांत ती वाढतच गेली. नराच्या पाठीवर मोठं कुबड येतं. अंडी घातल्यावर सगळेच्या सगळे मरतात आणि ऑगस्टमध्ये काठाकाठाने कुजतात.

२०२३ मध्ये नॉर्वेने खालच्या टप्प्यात नदीच्या रुंदीभर अडथळा उभारून गुलाबी मासे वेगळे काढायचा प्रयत्न केला. छोट्या नद्यांत ही युक्ती चालते, इथल्या रुंदीत आणि प्रवाहात अपेक्षेइतकी चालली नाही. स्थानिकांना हे जिव्हारी लागतं: परका मासा डोळ्यांसमोरून हजारोंनी वर जातो आणि आपलं जाळं घरात सुकतं आहे.

नदीत उतरण्याआधी सामान वाळवायला का सांगतात?

गायरोडॅक्टिलस नावाच्या एका परजीवीमुळे. मिलिमीटरहूनही लहान. बाल्टिक समुद्राकडे वाहणाऱ्या नद्यांतल्या सॅल्मनला त्याची सवय आहे, अटलांटिककडच्या सॅल्मनला नाही. १९७५ नंतर नॉर्वेतल्या अनेक नद्यांतली पिल्लं त्याने संपवली. देअत्नु अजून त्यापासून मुक्त आहे. फिनलंडच्या दक्षिणेत वापरलेले बूट, जाळं, होडी ओली तशीच इथे आणली तर तो येऊ शकतो, म्हणून सामान कडकडीत वाळलेलं किंवा निर्जंतुक केलेलं असणं सक्तीचं आहे. कंटाळवाणा वाटणारा हा नियम मनापासून पाळा.

नदीवर धरणं आहेत का?

नाहीत. शेजारच्या आल्ता नदीवर धरण झालं आणि त्याविरुद्ध १९७९ ते १९८१ मध्ये सामींचं मोठं आंदोलन झालं. देअत्नु मुखापर्यंत मोकळी आहे. मुखाशी वाळूच्या पट्ट्यांचा विस्तीर्ण त्रिभुज प्रदेशही जवळजवळ मूळ स्थितीत आहे.

भारतात मिळणारा "नॉर्वेजियन सॅल्मन" इथला का?

नाही, तो समुद्रातल्या पिंजऱ्यांत वाढवलेला. नॉर्वे वर्षाला १० लाख टनांहून जास्त असा सॅल्मन पिकवतो. देअत्नुचा मासा पुण्या-मुंबईच्या दुकानात कधीच नव्हता.

सीमेवरच्या अशा आणखी नद्या आहेत का?

स्वीडन आणि फिनलंड यांच्यामधली तोर्न्यो, आणि काही भागात स्कॉटलंड-इंग्लंडची सीमा असलेली ट्वीड. तोर्न्योची गोष्ट आशेची होती: १९८० च्या दशकात अगदी थोडे सॅल्मन उरले होते. बाल्टिक समुद्रातली मासेमारी आवळली आणि २०१४ मध्ये वर चढणाऱ्यांची संख्या लाखाच्या आसपास गेली. अलीकडे तिथेही संख्या पुन्हा घसरली आहे.

बंदी असताना तिथे जाण्यात अर्थ आहे का?

आहे. इवालोच्या विमानतळावरून उत्स्योकी गाडीने साधारण दोन-अडीच तास. नॉर्वे युरोपीय संघात नसला तरी शेंगेनमध्ये आहे, त्यामुळे एकाच व्हिसावर दोन्ही काठ पाहता येतात. उत्स्योकी ते नुओर्गाम रस्ता नदीला लागूनच जातो. वाटेत अलाक्योन्गास नावाचा खळाळ आहे, तिथे गाडी उभी करून खाली उतरा. जुलैच्या पहिल्या पंधरवड्यात रात्री अकरा-बारा वाजता गेलात तर ऊन तिरकं पडलेलं असतं आणि पाण्याचा तळ दिसतो. मोठ्या दगडाच्या मागे, जिथे पाणी गोल फिरतं, तिथे बराच वेळ नजर ठेवा. वर जाणारा मासा दम घ्यायला तिथे थांबतो. काठावर गवतात पालथ्या घातलेल्या होड्या दिसतील. काहींचा तळ दरवर्षीसारखाच डांबर लावून ताजा केलेला असतो.